आभाळाला टाकलेला आकडा

माझा भाचा जर्मनीत, स्टुटगार्टला असतो. दिवाळीत व्हिडिओ कॉलवर चकली-चिवड्याचं बोलणं झालं आणि मग त्यानं हळूच विषय काढला. "मावशी, रूममेट घर सोडून गेला ना, त्याचा डिशचा बॉक्स मी स्वस्तात घेतलाय. त्याच्या ओळखीचा एक जण म्हणतो, महिन्याला पाच-सहा युरो दे, एक 'लाइन' देतो, सगळे स्पोर्ट्स चॅनेल सुरू होतील. घेऊ का?"

मी काही वर्षं केबलच्या हेडएंडवर, म्हणजे जिथून घरोघरी सिग्नल जातो त्या केंद्रावर, नोकरी केली आहे, त्यामुळे टीव्ही, डिश, रिमोट यातलं काहीही बिनसलं की घरातले प्रश्न माझ्याकडेच येतात. "लाइन म्हणजे काय, माहीत आहे का?" मी विचारलं. त्याला एवढंच माहीत होतं की बॉक्समध्ये कुठंतरी एक ओळ टाइप करायची.

"अरे, लाइन म्हणजे आकडा."

मराठीत आकडा टाकणं म्हणजे काय ते सांगायला नको. खांबावरच्या तारेला वायर अडकवायची आणि मीटरशिवाय पंखा फिरवायचा. दुसऱ्यानं पैसे भरलेल्या कार्डावर आपला टीव्ही चालवायचा, याला कार्ड शेअरिंग म्हणतात, आणि 'लाइन' म्हणजे तेच. हा आभाळाला टाकलेला आकडा, आणि गंमत अशी की इथं जे चोरलं जातं तोही खरोखरचा आकडाच असतो, म्हणजे एक संख्या. हे सगळं त्या एका संख्येभोवती फिरतं.

छत्री, कुलूप आणि दहा सेकंदांची किल्ली

उपग्रह जवळजवळ ३६ हजार किलोमीटरवर असतो. तिथून येणारा सिग्नल पावसासारखा सगळ्यांच्या छतावर सारखाच पडतो. पैसे भरणाऱ्याच्या छत्रीत, म्हणजे डिशमध्ये, पडतो तोच न भरणाऱ्याच्याही छत्रीत पडतो. खांबावरची तार कापता येते, पण आभाळातला सिग्नल एका घरापुरता बंद करता येत नाही. म्हणून सिग्नल सगळ्यांना द्यायचा, पण कुलूप लावून द्यायचा, अशी पद्धत आली.

युरोपात हे कुलूप १९९४ साली ठरलं. डिजिटल टीव्हीचे मापदंड ठरवणाऱ्या डीव्हीबी या संघटनेनं 'कॉमन स्क्रॅम्बलिंग अल्गोरिदम' नावाची पद्धत मान्य केली आणि पुढं ती जगभर पसरली, भारतातही आली. चित्र आणि आवाज गणिती रीतीनं घुसळून टाकायचे, आणि ते पूर्ववत करायला एक किल्ली लागेल अशी सोय करायची. या किल्लीला 'कंट्रोल वर्ड' म्हणतात. तिची लांबी ६४ बिट, म्हणजे ८ बाइट. त्यातले दोन बाइट बाकीच्यांच्या बेरजेतून येतात, त्यामुळे खरी ताकद ४८ बिटांचीच. एवढी लहान किल्ली दिवसभर चालवली तर कुणीतरी शोधून काढेल, म्हणून ती साधारण दर दहा सेकंदांनी बदलतात. तुम्ही एक षटक पाहून होईपर्यंत वीस-पंचवीस किल्ल्या येऊन गेलेल्या असतात.

या किल्ल्या तुमच्या घरी कशा पोचतात? त्याच सिग्नलमधून, पण बंद पाकिटात. या पाकिटाला ईसीएम म्हणतात. ते उघडण्याची ताकद बॉक्समध्ये घातलेल्या स्मार्ट कार्डात असते. बॉक्स पाकीट कार्डाकडे देतो. कार्ड आधी पाहतं की या ग्राहकानं या चॅनेलचे पैसे भरलेत का. भरले असतील तर पाकीट उघडून किल्ली बॉक्सला देतं. दहा सेकंदांनी पुन्हा तेच.

पैसे भरले आहेत हे कार्डाला कसं कळतं, हा प्रश्न राहिला. त्यासाठी दुसरं पाकीट असतं, ईएमएम. ते सगळ्यांना नसतं, तुमच्या कार्डाच्या नावानं येतं. रिचार्ज केल्यावर कस्टमर केअरवाला सांगतो ना, "सर, बॉक्स चालू ठेवा, त्या चॅनेलवर थोडा वेळ थांबा"? त्याचं कारण हेच. तुमच्या नावाचं पाकीटही आभाळातूनच येतं, आणि ते येतं त्या वेळी बॉक्स बंद असेल तर झेलणार कोण? आमच्या शेजारच्या काकू रिचार्ज झाला की टीव्ही बंद करून चालू करत बसतात आणि मग कंपनीला शिव्या घालतात.

आता खरी गोम. कार्ड फार मजबूत असू शकतं. त्याच्या आतलं गुपित काढायला प्रयोगशाळा लागते. पण कार्ड शेवटी जे बाहेर देतं ती किल्ली सगळ्यांची एकच असते. उपग्रहावरून सिग्नल एकच येतो, म्हणजे कुलूप एकच, म्हणजे दहा लाख ग्राहकांच्या दहा लाख कार्डांनी त्या दहा सेकंदांत दिलेला आकडा तोच.

सोळा बाइटांचा माल

हे एकदा लक्षात आलं की कार्ड शेअरिंग समजायला दोन मिनिटं पुरतात. कुणीतरी रीतसर पैसे भरून एक कार्ड घेतो आणि ते इंटरनेटला जोडलेल्या यंत्रात बसवतो. दूर कुठंतरी तुमचा बॉक्स छत्रीतून सिग्नल घेतो, बंद पाकीट इंटरनेटवरून त्या यंत्राकडे पाठवतो, तिथलं कार्ड ते उघडतं आणि किल्ली परत येते. ये-जा सेकंदाच्या आत होते. तुमच्या घरी कार्ड नाही, तरी चित्र दिसतं. 'लाइन' म्हणजे त्या यंत्राचा पत्ता, पोर्ट, आणि तुमच्यापुरतं दिलेलं नाव व पासवर्ड, एका ओळीत.

एका वेळी चालू आणि पुढची अशा दोन किल्ल्या येतात, म्हणजे १६ बाइट. मोबाइलवर देवनागरीत 'नमस्कार' टाइप केलं तर २१ बाइट लागतात. उलट तेवढ्या दहा सेकंदांचं एचडी चित्र साधारण १० मेगाबाइटचं. चित्राचं सगळं ओझं उपग्रह वाहतो, चोराला फक्त नमस्काराहून हलकी वस्तू इकडून तिकडं न्यायची असते. म्हणून तर हा प्रकार इंटरनेट रडतखडत चालायचं त्या काळातही जोरात होता. ड्रीमबॉक्ससारखे लिनक्सवर चालणारे जर्मन बॉक्स आले, त्यावर हवं ते सॉफ्टवेअर चढवता येऊ लागलं, आणि सीसीकॅम, ओएसकॅम ही कार्ड शेअरिंगच्या सॉफ्टवेअरची नावं युरोपातल्या सॅटेलाइटवाल्यांच्या तोंडी बसली.

त्याआधी चोरीची तऱ्हा वेगळी होती. कार्डच फोडायचं, त्यातला प्रोग्राम बदलायचा, नकली कार्डं विकायची. त्या काळातली एक हकिगत सांगितल्याशिवाय मला राहवत नाही.

अमेरिकेत डिरेक्टीव्ही नावाची कंपनी या नकली कार्डांनी बेजार झाली होती. कंपनी उपग्रहावरून कार्डांना एखादा मारक संदेश पाठवायची, हॅकर काही तासांत त्यावर उतारा काढायचे. मग २००० सालाच्या अखेरीस कंपनीनं कार्डांना बारीक बारीक अपडेट पाठवायला सुरुवात केली. चार-दोन बाइटचे तुकडे, कशाला कशाचा मेळ नाही. हॅकरांनी ते तपासले, निरुपयोगी आहेत असं ठरवलं आणि घेतले, कारण ते न घेणाऱ्या कार्डावर चित्रच दिसत नव्हतं. आठवड्यांमागून आठवडे तुकडे जमत गेले आणि कार्डाच्या आत त्यांचा एक पूर्ण प्रोग्राम तयार झाला. २१ जानेवारी २००१, रविवार संध्याकाळ. सुपर बोल हा त्यांचा वर्षातला सर्वांत मोठा सामना बरोबर एका आठवड्यावर. कंपनीनं कळ दाबली, आणि बदललेली कार्डं एका झटक्यात कायमची मेली. मेलेल्या कार्डाच्या पहिल्या आठ बाइटमध्ये इंग्रजीत दोन शब्द लिहिलेले सापडले: गेम ओव्हर. हॅकरांच्या जगात तो दिवस 'काळा रविवार' म्हणूनच ओळखतात. गनिमी काव्याचं कौतुक असणाऱ्या आपल्या माणसांना ही गोष्ट आवडायलाच हवी.

पुढं कार्डं अधिकाधिक कठीण होत गेली. कार्ड फुटत नाही, तर फोडायचंच कशाला? एक खरं, पैसे भरलेलं कार्ड आणा आणि त्यालाच कामाला लावा. कार्ड शेअरिंग फोफावलं ते असं.

कंपन्यांनी यावरही उपाय काढले. सर्वांत परिणामकारक म्हणजे कार्ड आणि बॉक्स यांची जोडी लावणं. कार्ड किल्ली देतं, पण तीही एका जास्तीच्या कुलपात, आणि ते कुलूप फक्त त्याच बॉक्सच्या चिपमध्ये कोरलेल्या गुपितानं उघडतं. मग किल्ली वायरीवरून पळवली तरी दुसऱ्या बॉक्सला तिचा उपयोग होत नाही. काहींनी कार्डच काढून टाकलं आणि सगळं चिपमध्ये घातलं. किल्ली सगळ्यांची सारखीच असल्यामुळं तिच्यावरून चोर ओळखता येत नाही, पण चोर पकडायची एक देखणी युक्ती आहे. तपास करणारा स्वतःच गुपचूप एक लाइन विकत घेतो. मग क्षणभर अर्ध्या कार्डांना किल्ली मिळणार नाही अशी व्यवस्था करायची आणि पाहायचं की त्या लाइनवरचं चित्र गेलं का. गेलं तर चोर त्या अर्ध्यात, नाही तर उरलेल्या अर्ध्यात. पुन्हा त्याचे दोन भाग. दहा लाख कार्डांतून एक कार्ड हुडकायला अशा वीस फेऱ्या पुरतात. लाइन विकणारा "पकडलं जाणं अशक्य" म्हणतो तेव्हा हा हिशेब आठवावा.

कायदा कुणाला धरतो

युरोपीय संघानं २० नोव्हेंबर १९९८ रोजी या विषयावर स्वतंत्र निर्देश काढला, क्रमांक ९८/८४. पैसे भरूनच पाहायच्या सेवेचं कुलूप चुकवणारी साधनं बनवणं, विकणं, भाड्यानं देणं, त्यांची जाहिरात करणं, धंद्यासाठी जवळ बाळगणं यावर त्यानं बंदी आणली. घरी बसून पाहणाऱ्याचं काय करायचं ते प्रत्येक देशावर सोडलं. त्यामुळे देशागणिक चित्र बदलतं.

ब्रिटनमध्ये कॉपीराइट कायद्याचं कलम २९७ थेट प्रेक्षकाला लागू होतं. पैसे चुकवण्याच्या इराद्यानं अप्रामाणिकपणे कार्यक्रम पाहणं हा तिथं गुन्हा आहे, शिक्षा दंडाची. पुढचंच कलम, २९७-ए, बेकायदा डिकोडर विकणाऱ्यासाठी आहे आणि त्यात दहा वर्षांपर्यंत तुरुंग आहे. जर्मनीत कार्ड शेअरिंगचे खटले संगणकीय फसवणुकीच्या कलमाखाली चालले आहेत. इटलीनं २०२३ साली कायदा कडक केला, तिथं नुसत्या पाहणाऱ्यालाही पाच हजार युरोपर्यंत दंड होऊ शकतो.

आणि पाहणारा सापडतो कसा? बहुतेक वेळा त्याच्या दारात कुणी येत नाही. विकणाऱ्यावर छापा पडतो, त्याचा संगणक जप्त होतो, आणि त्यात ग्राहकांची यादी, ईमेल, पैसे कुठल्या खात्यातून आले ते सगळं असतं. आकडेवाल्याला वायरमननं पकडलं की त्याच्या वायरीवरून पंखे लावणारे चार शेजारीही कळतात, तसंच.

ज्याचं कार्ड आहे तो सर्वांत आधी अडकतो, हे मात्र अनेकांच्या ध्यानात येत नाही. कार्ड त्याच्या नावावर, पत्ता त्याचा, करार त्यानं केलेला. "मी फक्त मित्राला दिलं होतं" हे खरंही असेल, पण मित्रानं ती लाइन पुढं दहा जणांना विकली तर कार्ड त्याचंच जळणार.

इथं एक फरक करायला हवा, कारण तो भल्याभल्यांच्या लक्षात येत नाही. परदेशी कार्ड वापरणं आणि कार्ड शेअर करणं या दोन वेगळ्या गोष्टी आहेत. पोर्ट्समथमधल्या कॅरन मर्फी या पबमालकीणबाईंनी इंग्लिश फुटबॉल दाखवायला ग्रीक कंपनीचं कार्ड वापरलं होतं. कार्ड खरं होतं, पैसे भरलेले होते, फक्त ब्रिटनसाठी नव्हतं. त्यांना दंड झाला, त्या लढल्या, आणि ४ ऑक्टोबर २०११ रोजी (ब्रिटन तेव्हा संघात होतं) युरोपीय न्यायालयानं सांगितलं की संघातल्या एका देशातलं खरं कार्ड दुसऱ्या देशात वापरायला बंदी घालता येणार नाही. २०१२ साली लंडनच्या उच्च न्यायालयानं त्यांची शिक्षा रद्द केली. मला स्वतःला हा निकाल योग्य वाटतो. पैसे देऊन घेतलेली वस्तू सीमा ओलांडली म्हणून चोरीची होऊ नये. पण या निकालाच्या आडोशाला लाइन विकणारे उभे राहतात, तो कांगावा आहे. मर्फीबाईंनी कार्डाचे पैसे भरले होते.

आपल्याकडे कॉपीराइट कायदा १९५७ चा. त्याचं कलम ३७ प्रसारण करणाऱ्याला स्वतःचे हक्क देतं, ते २५ वर्षं टिकतात. २०१२ च्या दुरुस्तीनं ६५-ए हे कलम आलं. हक्कभंगाच्या हेतूनं तांत्रिक कुलूप चुकवलं तर दोन वर्षांपर्यंत कैद आणि दंड. कलम ६३ खालची शिक्षा सहा महिने ते तीन वर्षं, दंड ५० हजार ते दोन लाख.

तरी भारतात कार्ड शेअरिंगचं पेव युरोपासारखं फुटलं नाही. एक तर आपल्याकडे टीव्ही स्वस्त. २०१९ मध्ये ट्रायचे नवे नियम आले तेव्हा शंभर चॅनेलचं मूळ शुल्क कर सोडून जास्तीत जास्त १३० रुपये ठरलं. एवढ्यासाठी कोण परदेशी बॉक्स मागवून त्यात ओळी टाइप करत बसणार? आपली चोरी वेगळ्या जातीची: एखादा केबलवाला घरगुती डीटीएचचा बॉक्स कंट्रोल रूममध्ये बसवतो आणि त्याचं चित्र अख्ख्या गल्लीला देतो. मॅच ऐन रंगात असताना पडद्यावर मध्येच एक लांबलचक नंबर झळकून जातो तो याचसाठी. तो त्या बॉक्सचा किंवा कार्डाचा नंबर असतो. गल्लीभर एकच नंबर दिसला की कुणाच्या कार्डाचं पाणी कुठं मुरतंय ते कळतं. हेडएंडवर असताना तो नंबर दिसला की आमच्या पोटात गोळा यायचा, आमचं सगळं रीतसर असूनही.

भारतीय डीटीएच मात्र सीमेपलीकडं भरपूर गेलं. पाकिस्तानात बंदी असूनही ते बाजारात मिळायचं आणि तिथल्या पेमरा या नियामक संस्थेनं २०१६ साली त्याविरुद्ध मोहीम काढली. आखातातल्या आपल्या लोकांनीही गावाकडून बॉक्स नेले, मोठी छत्री लावली आणि मराठी मालिका पाहिल्या. रिचार्ज इथून भाऊ करायचा. ही माणसं पैसे भरत होती, पण आपल्या डीटीएचचा परवाना भारतापुरता आहे आणि मर्फीबाईंसारखा निकाल त्यांच्या मदतीला नाही.

खोक्यातला पाहुणा

भाच्याला कायद्याचं ऐकून फारसा फरक पडला नाही. पंचविशीत कुणाला पडतो? पुढच्या मुद्द्यावर मात्र तो सरळ बसला.

लाइन टाकली की तुमचा बॉक्स चोवीस तास एका अनोळखी माणसाच्या यंत्राशी बोलत राहतो. चॅनेल बदललं की नव्या चॅनेलचं पाकीट तिकडं जातं. म्हणजे तुम्ही कुठल्या रात्री किती वाजता काय पाहिलं, याची दर दहा सेकंदांची नोंद त्याच्याकडं होऊ शकते, आणि सोबत तुमचा इंटरनेटचा पत्ताही. तुमच्या बायकोला माहीत नसेल इतकं त्याला माहीत.

त्याहून वाईट म्हणजे बॉक्सवर चढवलेलं सॉफ्टवेअर. असे बॉक्स म्हणजे छोटे लिनक्स संगणकच. त्यावर 'इमेज' (म्हणजे बॉक्सचं अख्खं सॉफ्टवेअर) आणि प्लगइन टाकले जातात ते कुणी बनवले, आत काय आहे, हे विचारायची सोय नसते, आणि ते चालतात यंत्राच्या सर्वोच्च अधिकारानं. हा संगणक तुमच्या घरच्या वायफायवर, तुमच्या लॅपटॉपच्या आणि फोनच्या शेजारी बसलेला असतो. विकणारा कधी कधी राउटरवर पोर्टही उघडायला लावतो, म्हणजे बाहेरून आत यायला दार.

हे बागुलबुवाचं बोलणं नाही. २०१६ साली मिराई नावाच्या व्हायरसनं जगभरातले कॅमेरे, राउटर असली घरगुती यंत्रं ताब्यात घेतली आणि २१ ऑक्टोबरला त्यांच्या फौजेनं साइटचे पत्ते शोधून देणाऱ्या डाइन या कंपनीवर हल्ला केला. अमेरिकेत ट्विटरसकट अनेक मोठ्या साइट तासन् तास बंद पडल्या. मिराईची रीत अगदी साधी होती. त्याच्याकडं कारखान्यातून येणाऱ्या साठेक नावं-पासवर्डांच्या जोड्या होत्या. दिसेल त्या यंत्रावर त्या एकेक करून लावून पाहायच्या. त्याचा कोड या हल्ल्याच्या आधीच, सप्टेंबरअखेरीस जाहीर झाला होता, आणि ती यादी सगळ्यांनी वाचली. तिच्यात एक जोडी होती: नाव 'रूट', पासवर्ड 'ड्रीमबॉक्स'.

म्हणजे फुकट फुटबॉल पाहणाऱ्या कुणाच्या तरी बैठकीतला बॉक्स, मालक सामना पाहत असताना, त्या फौजेत सामील होऊ शकत होता. चित्रात काहीच फरक दिसला नसता.

अलीकडं कार्ड शेअरिंगचा जोर ओसरला आहे. जोडी लावलेल्या कार्डांनी ते अवघड केलं, आणि इंटरनेट वेगवान झाल्यावर चोरांनी किल्ली पाठवायचं सोडून अख्खं चित्रच इंटरनेटवरून विकायला सुरुवात केली. सप्टेंबर २०१९ मध्ये इटलीच्या पोलिसांनी एक्सट्रीम कोड्स ही त्या धंद्यातली मोठी यंत्रणा बंद पाडली. दुकानाची पाटी बदलली, पण गिऱ्हाईकाला दिलेला खोका आणि त्यातली जोखीम तीच राहिली.

भाच्याला मी चार कामं सांगितली. राउटरमध्ये उघडं पोर्ट आहे का पाहा आणि बंद कर. बॉक्समधलं सगळं पुसून कंपनीचं मूळ सॉफ्टवेअर टाक. पासवर्ड बदल. आणि त्या माणसाला ईमेल दिला असशील तर तोच पासवर्ड दुसरीकडं कुठं आहे का ते आठव.

दुसऱ्या दिवशी त्याचा मेसेज आला. पुसण्याआधी त्यानं आत डोकावून पाहिलं होतं. रूममेटची जुनी लाइन तशीच होती, नाव आणि पासवर्डासकट, आणि पासवर्ड म्हणजे रूममेटची जन्मतारीख. बॉक्सचा स्वतःचा पासवर्ड तर कुणी कधी बदललाच नव्हता.

आता त्या छत्रीवर तो एआरडी आणि झेडडीएफ पाहतो. आपल्या डीडी फ्री डिशसारखीच ती सरकारी वळणाची चॅनेलं अ‍ॅस्ट्रा उपग्रहावरून कुलपाशिवाय येतात. फुटबॉल कमी असतं म्हणतो, पण जर्मन सुधारतंय.